वाकळंचं दुसरं टोक

आमच्या शेजारचा सोपान साप दिसला तरी वरडत न्हाई. मागं एकदा मी गोठ्यात शेन काढीत हुते, तर ह्यो आला आन दारात हुबा राह्यला. मी म्हनले, काय रं? बोलला न्हाई. म्हनले, च्या टाकू का? मान हलवली, नको म्हून. मंग हळूच माझं कोपर धरलं, मला भायेर आनलं आन बोटानं गव्हानीकडं दावलं. गव्हानीखाली काळा कुळकुळीत, चांगला लांबडा साप. बघतोय तवर सरकत सरकत भिताडाच्या बिळात गेला.

"आरं मुडद्या, साप हाय म्हून तोंडानं सांगायचं तरी!"

सोपाननं बिळाकडं बघितलं, मंग माझ्याकडं बघितलं.

"गेला," म्हनला, आन घरी निघून गेला.

आमची वस्ती मिरजगावापासनं आत, माळावर. त्याचं घर आन माझं घर ह्यांच्यात कमरंएवढी दगडाची भित हाय. त्याची आई पारू आन मी संगं उसतोडीला जायचो. पारू जाऊन लई वरसं झाली. बाप तिच्या बी आधी गेल्ता. भन न्हाई, भाऊ न्हाई. घरात ह्यो, एक म्हस, आन दारात लिंबाचं झाड. त्या घरातनं मानसाचा आवाज म्हून कधी यायचा न्हाई. सकाळच्याला फक्त भाकरी थापायचा आवाज, थप थप थप. त्यो आवाज आला की मी अंथरुनातनं उठायची.

त्याच्या भाकरीचं काय सांगू तुमाला. बाजरीच्या पिठाला चिकटाई नसती. आमी म्हाताऱ्या बाया बी थापताना काठ चिरला तर बोटानं सांधून घेतो. ह्याची भाकर काठाला कुठं चिरायची न्हाई. तव्यावर टाकली, वरनं पान्याचा हात फिरवला, उलथली, इस्तवाला लावली की टम्म. वस्तीवरच्या सासवा सुनांना टोमनं मारायच्या, "जा, सोपानाकडं शिकाया जा." आन सुना मनातल्या मनात सोपानाला शिव्या घालायच्या.

बोलायला त्याच्यापाशी शब्द एकच. "असू दे." काय बी इचारा. "सोपाना, तिकडं पाऊस झाला का रं?" "असू दे." "सोपाना, तुझ्या म्हशीनं माझा कडबा खाल्ला." "असू दे." म्हंजी कडबा माझा, म्हस त्याची, आन असू दे पन त्योच म्हननार! इलेक्शनला एका पार्टीची मानसं आली, म्हनली ध्यान ठिवा. असू दे. सांच्याला दुसऱ्या पार्टीची आली. असू दे. दोघं बी खूश हून गेली. निकाल लागल्यावर निवडून आलेल्याला बी वाटलं सोपान आपला, आन पडलेल्याला बी वाटलं सोपान आपलाच. मोठ्या मोठ्या बोलक्या मानसांना हे जमत न्हाई.

पन लगनाच्या बाजारात असू दे चालत न्हाई. आता पोरीवाल्यांचं दिस हायेत. नोकरी हाय का, पुन्यात खोली हाय का, असं इचारत्यात. ह्याच्यापाशी माळरान आन म्हस. तरी दुधाच्या टेम्पोवरच्या बापूनं बरीच ठिकानं दावली. एका ठिकानी मी संगं गेल्ते. पोरीचा मामा इचारतोय शाळा किती झाली, आन ह्याचं ध्यान आत. आत गॅसवर च्या उतू चालल्याला. पोरगी हिकडं पोह्याच्या बश्या घिऊन हुबी. सोपान उठला, समद्यांच्या मधनं गेला, गॅस बारीक केला, फडक्यानं ओटा पुसला आन परत यिऊन जाग्यावर बसला. मामा म्हनला, "पाव्हनं, आमाला जावई पायजे, आचारी न्हाई."

वाटंनं मी त्याला लई बोलले. पार वस्ती येईस्तवर बोलले. घरापाशी आल्यावर त्यो म्हनला, "उतू चाललं हुतं."

मंग बापूनं मनीषाचं बघितलं. देवळाली प्रवराकडची पोरगी. आधी एका घरी दिल्याली. तिथं नांदवली न्हाई, फारकत झाली, भावाच्या घरी दिस काढीत हुती. बघायला गेलो तर दोघं बी खाली मान घालून. ह्यो बोलंना, ती बोलंना. बापू मला म्हनला, "मावशे, कुंडली बघायचं कामच न्हाई." देवळात लगीन लागलं. माप वलांडून तिला घरात म्याच घेतली. घ्यायला दुसरं हुतं कोन?

मला वाटलं, चला, पोरीला आपली चूल मिळाली. माझं लगीन झालं तव्हा अंगाची हळद निघायच्या आत मी उसाच्या फडात गेले. उसतोडीत नवरा-बायकूची जोडी म्हंजी एक कोयता. मुकादम तसंच मोजायचा. लगीन म्हंजी काय, तर एका अर्ध्या कोयत्याला दुसरा अर्धा मिळाला. दिसभर तोडायचं, मोळ्या डोक्यावर घिऊन ट्रकावर चढायचं, आन खोपीवर आलं की नवरा पाय पसरून बसायचा आन आपुन चुलीपुढं. माझा मालक वाईट हुता असं न्हाई. तसंच असायचं. बाई घरात आली म्हंजी चूल तिची, एवढं मला ठाऊक.

कशाची चूल!

दुसऱ्या दिशी तांबडं फुटायच्या आत पोरगी उठली. डोक्यावर पदर, हातात खराटा. अंगनात आली तर अंगन झाडल्यालं, सडा टाकल्याला. रांजन भरल्याला. चुलीपाशी गेली तर टोपल्यात भाकरी, वर फडकं. कोरड्यास झाकून ठिवल्यालं. आन सोपान म्हशीची धार काढीत बसल्याला. यष्टी डोळ्यांपुढनं निघून जावी तशी पोरगी खराटा धरून मधी हुबी. त्यानं वर बघितलं.

"असू दे," म्हनला.

ती बी जिद्दीची. फुडल्या दिशी आजून आधी उठली. ह्यो त्याच्या बी आधी. माझं कोंबडं बिचारं बावचाळलं. त्यानं बांग द्यायच्या आत हिकडं दोघं उठून कामाला लागलेली. मंग तिनं रातीच खराटा लपवला. ह्यानं सकाळी तुरीच्या काड्या आनल्या, बांधल्या, नवा खराटा केला. तिनं त्यो बी लपवला. ह्यानं लिंबाची डहाळी तोडून झाडलं. तिनं तवा उचलून आपल्या पिशवीत घातला. ह्यानं घमेलं पालथं घालून त्याच्यावर भाकरी भाजल्या, फडात भाजत्यात तशा. घमेल्यावर बी टम्म!

आन ह्या समद्यात भांडान न्हाई, आवाज न्हाई. चकार शबूद न्हाई. मी भितीवर हात ठिवून बघायची. टीव्हीचा आवाज बंद करून शिनेमा बघावा तसं. हिनं ताट वाढायला घ्यावं तर ताट वाढल्यालं. हिनं पान्याचा हंडा उचलावा तर ह्यो दुसऱ्या बाजूनं कडी धरायचा, आन दोघं एका हंड्याला लटकून घरात जायची, दारात अडकायची, हंडा सांडायचा. परत भरायला ह्योच पळायचा. ही दारात ओली हून हुबी.

मी एकदा हाळी दिली, "काय गं मनीषा, नशीब काढलंस!"

ती हासली न्हाई. तव्हाच मला कायतरी येगळं वाटलं.

धुनं पिळायची सोपानची एक तऱ्हा हुती. मोठं कापड पिळायला दोन मानसं लागत्यात. ह्याच्याकडं दुसरं मानूस कुठलं? म्हून एक टोक लिंबाच्या बेचक्यात अडकवायचं, दुसरं आपुन धरायचं आन पीळ घालायचा. त्याच्या आईच्या लुगड्यांची वाकळ हाय घरात. भिजली की म्हशीच्या पारड्यावानी जड. दरसाल ती बी ह्यो एकटाच पिळायचा, लिंबाला धरून. बेचका घासून घासून गुळगुळीत झाल्याला.

एक दिस त्यानं मनीषाची लगनातली हिरवी साडी धुवून तशीच बेचक्यात अडकवली. हातपंपावरच्या बाया खुदूखुदू हासायला लागल्या. एक म्हनली, "सोपानभाऊ, आमच्या बी दोन टाकू का?"

"असू दे," म्हनला ह्यो. बायांना काय, त्या आजूनच हासल्या.

मनीषा घरातनं आली. तोंड लाल झाल्यालं. तिनं बेचक्यातनं टोक सोडवलं आन आपल्याकडं वडलं. ह्याला वाटलं, ही पिळायला आली. ह्यानं पीळ घातला. तिनं वडलं. ह्यानं आजून पीळ घातला. साडी मधनं टर्रकन फाटली.

सोपानच्या हातात अर्धी साडी, मनीषाच्या हातात अर्धी. ती आत गेली. त्यो तिथंच हुबा, लिंबाशेजारी, आन त्या अर्ध्या साडीतलं पानी त्याच्या पायावर गळतंय.

दिस कलताना ती भितीपाशी आली. दगडावर बोट फिरवीत बसली.

"मावशी, ह्यांनी माझं मागचं ऐकलंय," म्हनली.

"काय मागचं?"

"मागच्या घरी माझ्या भाकरीला नावं ठिवायचे. सासू म्हनायची, हिच्या हातची भाकर कुत्रं खाईना. ताटातली भाकर अंगावर फेकायचे. त्याच्यावरनंच मला घालवली. हितं बापूनं सांगितलं असंल ह्यांना. म्हून तर चुलीला हात लावू देत न्हाईत. त्यांनी मारलं तरी चूल तरी हुती माझ्याकडं. हितं मी पाव्हनीच हाय. पाव्हनीला कधी ना कधी जावंच लागतं."

मी तिचं मनगट धरलं तव्हा मला दिसलं. कोपरापस्तोर भाजल्याचं डाग. काय चुलीचं असत्यात ते कळत्यात बाईला, आन काय दुसऱ्यानं दिल्यालं ते बी कळत्यात.

मी उठले ती सरळ त्याच्या गोठ्यात. म्हनले, "सोपाना, तुला बायकूच्या हातची भाकर चालत न्हाई का रं?"

त्यो धार काढीत हुता. थांबला न्हाई. तसाच म्हनला, "तिच्या हाताला डाग हायेत."

"मंग?"

"इस्तवापाशी नको."

आता बघा. ह्याच्या डोक्यात, हिला चुलीनं लई सोसवलं, आता हिनं चुलीकडं बघायचं बी न्हाई. तिच्या डोक्यात, माझी भाकर वाईट म्हून मला चुलीपासनं तोडली. एका छपराखाली दोघं, आन मधी सांगायला कोन न्हाई.

"हे तिला सांगितलंस का?"

त्यानं बादली बाजूला ठिवली.

"सांग. आजच सांग. मी सांगून उपेग न्हाई, तुझ्या तोंडानं सांग."

"असू दे," म्हनला. मला वाटलं, दुधाची बादली घ्यावी आन त्याच्या डोक्यावर वतावी.

पन आखाड लागला हुता. नवी नवरी आखाडात माहेरी जाती, तसा तिचा भाऊ राजू दुसऱ्याच दिशी न्यायला आला. आखाडाला बाई दोन लुगडी घिऊन जाती. हिनं समदी पिशवी भरली. फाटक्या साडीचं आपलं अर्धं बी घेतलं. मी जाऊन कानात म्हनले, "पोरी, तू समजतीस तसं न्हाई. त्याला तुझी माया हाय."

ती म्हनली, "मावशी, तुमी सांगताय. ते कुठं सांगत्यात?"

सोपान तिची पिशवी गाडीत ठिवायला पुढं झाला. तिनं पिशवी त्याच्या हातातनं घेतली आन आपुनच ठिवली. त्या घरातलं तेवढं एक काम तिला करायला मिळालं.

आखाड सरला. श्रावान लागला, पंचिम झाली, झोकं खेळून पोरी आपापल्या घरी गेल्या. मनीषा आली न्हाई. सकाळी थप थप ऐकू यायचं, पन जरा जास्तच येळ. मंग सोपान भितीवर टोपलं आनून ठिवायचा. आत भाकरी. मी म्हनले, "आरं, माझ्या मी करीन की." त्यो म्हनला, "दोघांच्या हुत्यात." रोज दोघांच्या करायचा आन रोज तिच्या वाटनीच्या मला आनून द्यायचा. मी खायची.

अंगन त्यो झाडायचा, पन खराटा कुठला? तिनं लपवल्याला सापडला हुता त्याला, पत्र्याच्या पेटीमागं. त्यो त्यानं तिथंच ठिवला. लिंबाच्या डहाळीनं झाडायचा.

मंग राजूचा फोन आला, माझ्या मोबाईलवर. सोपानला फोन करून कोन काय ऐकनार? म्हनला, "मावशी, बहिनीला नांदवायची असंल तर बोलायला या. न्हाईतर आमी मोकळं करून घेतो."

बोलायला या म्हने! आन आमच्याकडनं बोलनारा कोन, तर सोपान.

न्यायला जायला भन पायजे, चुलती पायजे. त्याची कोनच न्हाई. म्हनले, मीच जाते. गुडघं धरल्यात माझं, यष्टीची पायरी चढायची म्हंजी दोघांनी वर ढकलावं लागतं. तरी गेले. पोरगी आनल्याबिगर माघारी यायचं न्हाई, असं देवापुढं म्हनूनच निघाले. सोपाननं पांढरी टोपी घातली, हातात गाठुडं.

"गाठुड्यात काय रं?"

"भाकरी."

"सासुरवाडीला जाताना भाकरी बांधून नेतोस?"

"असू दे."

नगर येईस्तवर मी त्याला शिकवीत हुते. म्हनले, जास्त नको. एवढंच म्हन, 'मनीषा, माझी चूक झाली, घरी चल.' म्हन बरं. त्याचं ओठ हालायचं, आवाज भायेर यायचा न्हाई. फुडच्या शिटावरची बाई माघारी बघून म्हनली, "आजी, जप करून घेताय का लेकाकडनं?" नगरला गाडी बदलली. राहुरीपस्तोर त्याला दोन शबूद आलं. 'मनीषा' आन 'घरी.'

तिथं गेलो तर ववरीत सतरंजी टाकल्याली. राजू, आन मनीषाचा मामा, मिशांना पीळ देऊन बसल्याला. मनीषाची आई पदर तोंडाला लावून दारात. आतल्या खोलीत मनीषा. आतनं आवाज येतोय, थप थप. पाव्हन्यांना भाकरी चालल्याल्या. सोपानचं कान तिकडंच.

पानी झालं, च्या झाला. मामानं सुरवात केली. "बोला पाव्हनं. आमच्या पोरीत काय खोट हाय? तिच्या हातचं पानी चालत न्हाई, भाकर चालत न्हाई. तिचा इटाळ हुतो का तुमाला? घरात घेतली ती काय शोकेसमधी ठिवायला?"

आतली थप थप थांबली. ती ऐकत हुती.

म्या सोपानला कोपर मारलं. त्याचं ओठ हाललं. घाम फुटला. टोपी काढली, परत घातली. मामा म्हनला, "मुकं हायेत का काय?" राजू म्हनला, "मामा, ह्यांचं रोजचंच हाय हे."

सोपानचं नाक हाललं. माझ्या बी नाकात वास आला. आत भाकर करपत हुती. ऐकायच्या नादात पोरगी तव्यावरची भाकर इसरली. मी मनात म्हनले, सोपाना, उठू नको रं. तुझ्या आईची आन हाय, बसून राहा.

त्यो उठला.

"आवो पाव्हनं! तिकडं बाया हायेत!" मामा वरडला. ह्यो सासूला वलांडून सरळ आत. सासूनं तोंडावर पदर घेतला. मी गुडघं धरून मागोमाग. बघते तर ह्यानं उघड्या बोटांनी तव्यावरची भाकर उलथली, तवा खाली घेतला आन सवयीनं चुलीपुढं बसायला वाकला.

मनीषा उठून हुबी राह्यली. हात पिठानं भरल्यालं. डोळ्यांत पानी, पन आवाज खनखनीत. म्हनली, "घ्या. हितली बी घ्या. माझ्या आईच्या घरची चूल बी तुमीच घ्या."

त्यो वाकल्याला तसाच थांबला. मानसाच्या अंगावर थंड पानी पडावं तसं त्याचं तोंड झालं. मंग चुलीपासनं माघारी सरला. पार भिताडापस्तोर सरला. भुईवर मांडी घालून बसला, शेजारचं रिकामं ताट वडलं आन आपल्यापुढं ठिवलं. ती करपल्याली भाकर ताटात घेतली.

"मला भूक लागलीया," म्हनला.

इतक्या वरसांत मी त्याला भूक लागलीया असं म्हनताना ऐकलं नव्हतं.

त्यो ताटाकडं बघून बोलाया लागला. थांबत थांबत, जसं काय एक एक शबूद हिरीतनं वडून काढतोय.

"आई फडातनं यायची. मी भाकर करून ठिवायचो. ती खायची, पडायची. बोलायची न्हाई. दमायची लई. मला वाटलं, भाकर करून घातली की समदं सांगून झालं."

मंग तिच्या हाताकडं बघितलं.

"तुला लई भाजलंय. म्हून नको म्हनलो. तुझ्या भाकरीचं मला कोनी कायबी सांगितलं न्हाई."

आन हळूच म्हनला, "मला आजून कोनी वाढलं न्हाई."

मामा दारात यिऊन हुबा राह्यला. मी भिताडाला टेकून खाली बसले. मला एक सांगायचं हाय. एका सालाला कोपरगावाकडच्या फडात माझं तान्हं लेकरू गेलं. वढ्याच्या काठाला ठिवून आले आन दुसऱ्या दिशी मोळ्या बांधाया गेले. अर्धा कोयता बसला तर दुसऱ्या अर्ध्यानं काय करायचं? सांच्याला खोपीवर आले तर चूल पेटवायचं बळ नव्हतं. सोपान तव्हा केवढा, काठवटीवर वाकला की काठवटच मोठी दिसायची. त्यानं त्याच्या खोपीतनं भाकर आनली, माझ्यापुढं ठिवली आन उलीसा लांब जाऊन बसला. बोलला न्हाई. माझी समजूत काढाया बाया लई बोलल्या हुत्या त्या दिशी. काय बोलल्या, त्यातलं आता एक आठवत न्हाई. भाकर आठवती. गरम हुती.

मनीषानं पदरानं डोळं पुसलं, पीठ गालाला लागलं. म्हनली, "ती जळकी हाय. टाका ती."

"असू दे," म्हनला आन खाल्ली.

ती चुलीपुढं बसली. नवा गोळा घेतला, थापला. भाकर एका अंगाला जाड झाली, काठाला दोन ठिकानी चिरली. मी बघितलं, सोपानची बोटं मांडीवर वळवळत हुती, काठ सांधून द्यायला. त्यानं दोन्ही हात मांडीखाली दाबून धरले. भाकर फुगली न्हाई. तिनं वाढली, खाली मान घालून. त्यानं समदी खाल्ली आन ताट तिच्याकडं सरकवलं, आजून वाढ म्हून. माझ्या अंदाजानं त्या दिशी त्यानं पोट फुटायच्या बेतानं खाल्लं. आन मी त्याचं गाठुडं सोडून त्याच्या भाकरी मामाला वाढल्या. मामानं भाकर उलटी करून बघितली, सुलटी करून बघितली. म्हनला, "ही कोनी केली?" म्या सांगितलं. त्यानं मिशी खाली पाडली आन दुसरी मागितली.

पोरगी घिऊन आलो.

आता तुमाला वाटंल दोघं पोपटावानी बोलत असत्याल. काय न्हाई. त्या घरातनं आजून बी मानसाचा आवाज येत न्हाई. पन दुसऱ्या दिशी सकाळी मी भितीपाशी गेले तर अंगन अर्धंच झाडल्यालं. बरोबर मधनं रेघ. हिकडं सोच्छ, तिकडं पाला. आन रेघंवर, पेटीमागनं काढल्याला तिचा खराटा, आडवा ठिवल्याला. सोपान म्हशीमागं लपून बघतोय. मनीषा आली, खराटा बघितला, उचलला. आपलं अर्धं झाडलं. आन झाडता झाडता रेघंच्या पलीकडं हातभर आत गेली. रोज ती रेघ उलीशी उलीशी त्याच्याकडं सरकती. दोघांपैकी कोन काय बोलत न्हाई. भाकरी ती थापती, त्यो भाजतो. तिची फुगली न्हाई की त्यो तवा बघतो, इस्तू बघतो, चिमटा बघतो. भाकरीकडं बघत न्हाई.

घट बसायच्या आधी समद्या वस्तीच्या वाकळा धुवाया निघाल्या. ह्यांनी बी पारूची वाकळ काढली. भिजवली, बडवली. सोपान सवयीनं एक टोक घिऊन लिंबाकडं निघाला. मनीषानं ते टोक त्याच्या हातातनं घेतलं. दोघांनी दोन टोकं धरली आन दोघांनी एकाच अंगाला पीळ घातला. वाकळ नुसती गरगर फिरती, पानी निघंना. मी भितीवरनं वरडले, "आरं, एकानं हिकडं, एकानं तिकडं!" सोपाननं हात बदलले. मंग पानी निघालं, धो धो. दोघांचं पाय भिजलं.

लिंबाचा बेचका आता मोकळाच असतो. एक होला तिथं घरटं बांधायला काड्या आनतोय. बेचका गुळगुळीत झाल्याला, काड्या घसरून खाली पडत्यात. होला परत जातो, परत आनतो. परवा बघितलं तर कोनीतरी बेचक्याला सुतळीचं येढं दिल्यालं, काड्या धरून राहाव्या म्हून.

कोनी दिलं ते म्या इचारलं न्हाई. दोघांपैकी कोनच सांगनार नव्हतं.